स्थगिती मिळाली, म्हणजे नेमके काय झाले?

(ऊस विकास अधिकाऱ्यांकडून)



या पानावर मी एरवी बेणे, खोडवा, हुमणी यांवर लिहितो. या वेळचा विषय कोर्टाचा आहे. ऊसवाल्या माणसाने त्यात कशाला पडायचे, असे काहींना वाटेल. मलाही वाटले होते. पण प्रश्न बांधावरच निघाला आणि तिथे मला उत्तर देता आले नाही, म्हणून हा खटाटोप.

झाले असे. खोडव्याच्या नोंदी घेत आम्ही एका तात्यांच्या रानात गेलो होतो. पाचट न जाळता सरीत दाबलेले, फुटवे भरपूर, बघून बरे वाटले. नोंद झाली, चहा आला. तात्या म्हणाले, "साहेब, एक सांगा. खालच्या कोर्टात माणूस जिंकला आणि वरच्या कोर्टानं त्या निकालाला स्थगिती दिली, तर तो जिंकला का हरला?"

तात्यांच्या डोक्यात दोन गोष्टी होत्या. एक पुतण्याची. पोराने मोबाईलवर रमी खेळून बरेच पैसे घालवले, तेव्हापासून त्या कंपन्यांवरच्या कराच्या बातम्या तात्या नेमाने वाचतात. दुसरी आपल्या कारखान्याची. "दर सभेत सांगता, जादा ऊसदरावरच्या आयकराचं प्रकरण वर आहे, वसुलीला स्थगिती आहे. स्थगिती आहे ना? मग ते पैसे बाजूला कशाला ठेवता? टनामागं वाटून टाका."

मी "बघून सांगतो" म्हणालो आणि मोटारसायकल काढली. खरे सांगायचे तर स्थगिती म्हणजे खालचा निकाल रद्द, असेच मी स्वतः इतकी वर्षे समजत होतो. मग दोन दिवस हिशेब खात्यात बसलो, कारखान्याच्या वकीलसाहेबांना पुन्हा पुन्हा विचारले. त्यातून जे कळले ते माझ्या भाषेत मांडतो.

आधी तात्यांची रमी, कारण आपल्या प्रश्नाचे ते अगदी चपखल उदाहरण आहे. बंगळूरच्या गेम्सक्राफ्ट या कंपनीला जीएसटी खात्याने सप्टेंबर २०२२ मध्ये नोटीस दिली. रक्कम सुमारे २१ हजार कोटी रुपये. वाद असा : खेळणाऱ्यांनी डावावर लावलेल्या सगळ्या रकमेवर २८ टक्के कर घ्यायचा, की कंपनी त्यातून स्वतःचे जे शुल्क कापते तेवढ्यावरच? आपल्या भाषेत बोलायचे तर कर मुकादमाच्या कमिशनवर, की गाडीत भरलेल्या सगळ्या उसाच्या किमतीवर? कंपनी म्हणत होती, रमी हा बुद्धीचा खेळ आहे, जुगार नव्हे. कर्नाटक हायकोर्टाने ११ मे २०२३ रोजी कंपनीचे म्हणणे मान्य करून नोटीस रद्द केली. सरकार सुप्रीम कोर्टात गेले आणि ६ सप्टेंबर २०२३ रोजी सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाच्या निकालाला स्थगिती दिली.

आता पुढचे बघा. सुप्रीम कोर्टाने त्या दिवशी 'रमी हा जुगार आहे' असे म्हटले नाही. 'कंपनीने कर भरावा' असेही म्हटले नाही. एवढेच केले की हायकोर्टाच्या निकालाचा आधार तूर्त कोणाला घेता येऊ नये. पण तेवढ्याने खात्याचा रस्ता मोकळा झाला. त्याच वर्षी डिसेंबरात सरकारने राज्यसभेत माहिती दिली, की ऑनलाइन खेळाच्या कंपन्यांना ७१ नोटिसा गेल्या आहेत आणि त्यांतली रक्कम सुमारे १ लाख १२ हजार कोटी आहे. मग कंपन्या कोर्टात धावल्या आणि १० जानेवारी २०२५ रोजी सुप्रीम कोर्टाने त्या नोटिसांवरच्या पुढच्या कारवाईलाही स्थगिती दिली. म्हणजे एकाच वादात एकदा स्थगितीने कराचे काम चालू झाले आणि एकदा स्थगितीनेच थांबले. दोन्ही वेळा मूळ प्रश्नाचा निकाल लागलेला नव्हता. पैसे लावून खेळायच्या अशा खेळांना ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायद्यानेच बंदी केली. पण खेळ बंद झाला म्हणून मागच्या वर्षांच्या कराचा वाद मिटतो असे नाही. (पुतण्याचे पैसे तर कुठल्याच कोर्टातून परत येणार नाहीत, हे तात्यांना मी वेगळे सांगायची गरज पडली नाही.)

स्थगिती आणि रद्द यांतला फरक समजायला आपल्या पाटाइतके चांगले उदाहरण नाही. चारीचे दार खाली टाकले की पाणी थांबते. पण चारी तिथेच असते. दार उचलले की पाणी पुन्हा त्याच वाटेने येते. चारी बुजवून टाकली तर मात्र दार उचलून उपयोग नाही, नव्याने खोदावी लागेल. स्थगिती म्हणजे दार टाकणे आणि निकाल रद्द करणे म्हणजे चारी बुजवणे. श्री चामुंडी मोपेड्स या कंपनीच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९९२ साली हाच फरक स्पष्ट केला : आदेश रद्द झाला तर परिस्थिती त्या आदेशाच्या आधी होती तशी होते. स्थगितीने आदेश पुसला जात नाही, स्थगिती दिल्या दिवसापासून तो फक्त अमलात राहत नाही.

म्हणून तात्यांच्या प्रश्नाचे उत्तर : तो माणूस जिंकलेलाच आहे, पण जिंकल्याचा कागद तूर्त खिशात ठेवायचा, दाखवायचा नाही.

दुसरी गोष्ट आपल्याला जास्त लागू आहे. आकारणी वेगळी आणि वसुली वेगळी. कर किती होतो हे ठरवणे म्हणजे आकारणी. तो खिशातून काढून घेणे म्हणजे वसुली. वजनकाट्यावर गाडीचे वजन होते ते एक काम आणि बिल काढणे ते दुसरे. काटा झाला म्हणजे लगेच बँकेत पैसे जमा होत नाहीत. कोर्टे पुष्कळदा असा मधला हुकूम देतात, की अधिकाऱ्याने आकारणीचे काम चालू ठेवावे, पण कोर्टाच्या परवानगीशिवाय वसुली करू नये. अशा वेळी कारखान्याला नोटीस आली, वह्या मागवल्या, सुनावणीला बोलावले, तर 'स्थगिती असून नोटीस कशी आली' म्हणून गेटवर जाब विचारण्यात अर्थ नाही. स्थगिती कशाला आहे, हे हुकुमाच्या शेवटच्या परिच्छेदात लिहिलेले असते. तो वाचावा लागतो.

आकारणी का चालू ठेवतात? कारण मुदत. आयकराच्या १९६१ च्या कायद्यात आकारणीला कालमर्यादा होती आणि कोर्टाच्या हुकुमाने काम अडले असेल तर तेवढा काळ त्या मर्यादेतून वगळला जाई. म्हणजे आकारणीच थांबवली तरी मुदत संपून आपण सुटलो असे होत नाही, प्रकरण नुसते म्हातारे होते. कागद जीर्ण होतात, माहीतगार हिशेबनीस निवृत्त होतात. आमच्या हिशेब खात्यात जुन्या वह्यांची जी अवस्था मी पाहिली, त्यावरून मला तरी वाटते की आकारणी वेळेत झालेली बरी.

कराच्या वसुलीला सरसकट मनाई देऊ नये, असे सुप्रीम कोर्टाने पूर्वीपासून सांगितले आहे. १९८४ साली सिलिगुडी नगरपालिकेच्या कराची वसुली कलकत्ता हायकोर्टाने अंतरिम हुकुमाने थांबवली होती, ती सुप्रीम कोर्टाने मोकळी केली. त्याच वर्षी नोव्हेंबरात डनलॉप या टायर कंपनीच्या अबकारी कराच्या प्रकरणात, नुसती बँक गॅरंटी घेऊन कर थांबवला तर सरकारने कारभार कशावर चालवायचा, अशा अर्थाची कानउघाडणी केली. आपल्याला ऐकायला हे गोड नाही, पण एका अर्थी बरोबर आहे. आपल्या गावचा रस्ताही कुठल्या तरी करातूनच होतो. झालाच तर.

साखर धंद्याला स्थगितीचा जुना आणि कडू अनुभव आहे. वयस्कर सभासदांना लेव्ही साखर आठवत असेल. उत्पादनाचा ठरावीक हिस्सा सरकारने ठरवलेल्या दराने द्यायचा, बाकीचा खुल्या बाजारात. हा हिस्सा पुढे कमी होत १० टक्क्यांवर आला आणि २०१३ मध्ये ही पद्धत बंद झाली. १९७० च्या आसपास मात्र लेव्हीचा हिस्सा मोठा होता. दर परवडत नाही म्हणून देशातले अनेक कारखाने हायकोर्टात गेले. कोर्टांनी अंतरिम हुकूम दिले आणि त्या हुकुमांच्या जोरावर काहींनी ठरल्यापेक्षा जास्त दराने लेव्ही साखर विकली. जो जादा पैसा आला तो अनेकांना आपलाच वाटला. पण ज्यांचे म्हणणे शेवटी टिकले नाही त्यांच्याकडचा तो पैसा कोणाचा? त्यासाठी संसदेने १९७६ साली लेव्ही साखर दर समीकरण निधीचा कायदा केला आणि असा जादा घेतलेला पैसा व्याजासह त्या निधीत भरायला लावला.

आणि जिंकूनही हरण्याचा एक प्रकार असतो, तोही साखरेतलाच. उत्तर प्रदेशातल्या उसावरच्या सेसविरुद्ध डायमंड शुगर मिल्स सुप्रीम कोर्टात गेली आणि १९६० च्या डिसेंबरात जिंकली. कारखान्याचे आवार म्हणजे 'स्थानिक क्षेत्र' नव्हे, म्हणून राज्याला तिथे येणाऱ्या उसावर असा सेस बसवता येणार नाही, असा निकाल झाला. पुढच्याच वर्षी संसदेने कायदा करून पूर्वी वसूल केलेले असले सेस वैध ठरवून टाकले आणि तो कायदा कोर्टात टिकला.

आता घरची गोष्ट सांगतो. माझ्या मामांच्या गावी नदीवरून उपसा सिंचनाची सहकारी संस्था होती. पाणीपट्टी वाढली तेव्हा संस्था कोर्टात गेली, वाढीव रकमेला स्थगिती मिळाली. गावात पेढे वाटले गेले. मी तेव्हा पदविकेच्या दुसऱ्या वर्षाला होतो, मीही पेढा खाल्ला. संस्था सभासदांकडून वाढीव दराने पट्टी घेत होती ती थांबवली, आधी जमलेली रक्कमही सभासदांना परत दिली. मामांनी त्यात बैल बदलला. वाढीव रक्कम वेगळी ठेवा म्हणणारा सेक्रेटरी एकटाच होता, त्याला पुढच्या निवडणुकीनंतर घरी बसवला. आठ-नऊ वर्षांनी दावा निघाला, संस्था हरली. थकबाकी आली ती व्याज धरून. संस्थेकडे काही नव्हते. शेवटी पाणी घेणाऱ्यांच्या सातबाऱ्यावर बोजा चढला. त्यात दोन जण असे होते, की त्यांनी जमीन नंतर विकत घेतली होती, वाटपातला एक रुपया त्यांना मिळालेला नव्हता. मामा वारले तेव्हा इतर हक्कात तो बोजा तसाच होता. मामीला पीककर्ज मिळेना म्हणून मी तलाठी कार्यालयाच्या किती खेपा घातल्या, ते माझे मला माहीत.

कायदाही इथे मामांच्या बाजूचा नाही. कोळशाच्या वाढीव रॉयल्टीच्या वादात (साउथ ईस्टर्न कोलफील्ड्स विरुद्ध मध्य प्रदेश) सुप्रीम कोर्टाने सांगितले आहे, की अंतरिम हुकुमाने ज्याला फायदा झाला तो शेवटी हरला, तर तो फायदा त्याने परत केला पाहिजे, व्याजही दिले पाहिजे.

व्याजाचा हिशेब सभासदांनी स्वतः करून बघावा. आकडे समजुतीपुरते घेतो, आपल्या कारखान्याचे नव्हेत. समजा ५ लाख टन गाळप झाले आणि वादातला कर २ कोटी ५० लाख, म्हणजे टनाला ५० रुपये. तो बाजूला न ठेवता वाटला. १९६१ च्या आयकर कायद्यात थकलेल्या मागणीवर महिन्याला १ टक्का सरळ व्याज होते आणि वसुलीला स्थगिती आहे म्हणून हे व्याज थांबत नव्हते. सात वर्षांनी हरलो तर ८४ टक्के व्याज, म्हणजे २ कोटी १० लाख. एकूण ४ कोटी ६० लाख. त्या वर्षीही ५ लाख टनच गाळप झाले तर टनाला ९२ रुपये. घेतले ५०, द्यायचे ९२. आणि देणारे तेच असतील असे नाही. सात वर्षांत किती जणांनी ऊस मोडून द्राक्ष लावली, किती वाटण्या झाल्या, किती नवे सभासद आले. आपण वाटून खाल्लेले त्यांच्या बिलातून कापले जाणार.

(आपण जिंकलो तर? भरलेला कर परत मिळतो, व्याजही मिळते, पण त्याच कायद्यात ते महिन्याला अर्धा टक्का होते. आपण देणे असलो तर एक, सरकार देणे असेल तर अर्धा. असो.)

आता मूळ प्रकरण. किमान दरापेक्षा जादा ऊसदर दिला तर ती जादा रक्कम उसाची किंमत, की सभासदांना वाटलेला नफा? आपण म्हणतो किंमत. आयकर खाते म्हणत होते नफा, आणि नफा म्हणून त्यावर कर. महाराष्ट्रातल्या कितीतरी सहकारी कारखान्यांची ही लढाई वर्षानुवर्षे चालली. हायकोर्टापर्यंत कारखान्यांच्या बाजूने निकाल झाले. सुप्रीम कोर्टाने २०१० मध्ये सातपुडा तापी परिसर कारखान्याचे प्रकरण फेरतपासणीसाठी खाली पाठवले. मग ५ मार्च २०१९ रोजी तासगाव तालुका कारखान्याच्या प्रकरणात निकाल दिला : अंतिम दर ठरवताना त्यात नफ्याचा जेवढा भाग धरला असेल तेवढी नफावाटणी, तिची वजावट नाही. उरलेली सगळी उसाची किंमत, ती खर्च म्हणून मान्य. नफ्याचा भाग किती, हे आकारणी अधिकाऱ्याने प्रत्येक कारखान्याच्या हिशेबावरून काढावे. म्हणजे एवढी वर्षे गेल्यावर पुन्हा आकारणीपासून सुरुवात! जिंकलो म्हणून ज्यांनी वह्या रद्दीत घातल्या असतील, त्यांचे काय झाले असेल?

सुटका झाली ती कोर्टाने नव्हे, कायद्याने. २०१५ च्या वित्त कायद्याने सरकारने ठरवलेल्या किंवा मंजूर केलेल्या दरापर्यंतची ऊसखरेदी हा खर्च मानला, पण आकारणी वर्ष २०१६-१७ पासून पुढे. मागच्या वर्षांचा काटा तसाच राहिला. तो २०२३ च्या अर्थसंकल्पात निघाला. अर्थमंत्री निर्मला सीतारामन यांनी सहकारी कारखान्यांना सुमारे १० हजार कोटींचा दिलासा मिळेल असे सांगितले. मात्र तो आपोआप मिळणारा नव्हता. कारखान्याने प्रत्येक वर्षासाठी अर्ज करायचा, दराच्या मंजुरीचे कागद जोडायचे, मग अधिकारी त्या वर्षाची फेरआकारणी करणार. त्याची पद्धत आयकर मंडळाने २७ जुलै २०२३ च्या परिपत्रकाने घालून दिली. मंजूर दराच्या वर जे दिले असेल ते या सवलतीत बसत नाही, हेही लक्षात ठेवायचे.

हे सगळे घेऊन मी परत तात्यांकडे गेलो. त्यांनी शांतपणे ऐकले आणि मग विचारले, "म्हणजे बाजूला ठेवलेले पैसे आमचेच, पण आत्ता आमचे नाहीत?"

मी हो म्हणालो.

"मग ते ठेवले कुठं, आणि त्याचं व्याज कोण खातंय, ते सांगा की अहवालात."

प्रश्न रास्त आहे. स्थगितीच्या नावाखाली पैसे बाजूला ठेवायचे आणि ते कुठे आहेत हे सांगायचे नाही, हेही बरोबर नाही. मी तो हिशेब खात्याकडे लेखी दिला आहे. ताळेबंदात 'संभाव्य देणी' या सदराखाली वादातली रक्कम येते. या वर्षी त्याखाली वर्षवार मागणी, भरलेली रक्कम, कोणत्या कोर्टाची कशाला स्थगिती आहे आणि तरतुदीची रक्कम कोणत्या बँकेत किती व्याजाने आहे, हे छापावे अशी ती सूचना आहे. अहवाल वार्षिक सभेच्या आधी गट ऑफिसात पाहायला मिळेल. सदर छापून आले नसेल तर सभेत विचारा. तात्या विचारणारच आहेत, पहिल्या रांगेत बसतो म्हणाले.